पान चौऱ्याण्णव, ओळ अकरा

आनंदात कसं जगावं हे त्या तीन मजली इमारतीत सगळ्यात जास्त कुणाला पाठ असेल, तर ते दुसऱ्या मजल्यावरच्या वेलांटीबाईंना. इमारत एका प्रकाशनाची होती आणि प्रकाशनाचा धंदाच तो होता. रोजच्या जगण्यातली गंमत कशी शोधावी, घरच्यांवर नव्याने प्रेम कसं करावं, भांडी घासताना आयुष्याचा अर्थ कसा सापडतो, असल्या विषयांवरची जाडबारीक पुस्तकं तिथून निघायची. छापण्याआधी त्यांतली चूक न् चूक वेचून काढायची, हे बाईंचं काम. बावीस वर्षांत अशी शंभरावर पुस्तकं त्यांच्या हाताखालून गेली होती, तीही प्रत्येकी तीन वेळा. एवढ्या अभ्यासावर दुसरं कुणी हवेत तरंगलं असतं. बाई मात्र रोज सहाच्या ठोक्याला डबा पिशवीत टाकायच्या, एका खोलीच्या घरी जाऊन तो घासायच्या, आणि घासताना त्यांना आयुष्याचा अर्थ एकदाही सापडला नाही.

'वेलांटीबाई' हे नाव पडलं तेही त्यांच्या स्वभावामुळेच. मालकांनी एकदा त्यांना बढतीचं पत्र दिलं. बाईंनी त्यातल्या दोन वेलांट्या दुरुस्त केल्या आणि पत्र परत पाठवून दिलं. त्यामुळे बढती महिनाभर लांबली, पण वेलांट्या बरोबर झाल्या.

पुस्तकांतले सल्ले त्यांनी करून बघितले नाहीत असंही नाही. एकात लिहिलं होतं, एकट्यासाठीही पाहुणा यायचा असल्यासारखं टेबल मांडा. बाईंनी मांडलं. पाहुणा आला नाही आणि घासायला चार भांडी जास्त पडली. दुसऱ्यात होतं, रोज एका अनोळखी माणसाला एक चांगला शब्द सांगा. बाईंनी घराच्या इमारतीतल्या लिफ्टमध्ये चौथ्या मजल्यावरच्या गृहस्थांना 'तुमचा शर्ट छान आहे' असं सांगितलं. ते गृहस्थ त्या दिवसापासून जिन्याने जायला लागले. तिसऱ्यात होतं, आरशात बघून स्वतःला म्हणा, तू मला फार आवडतेस. ते मात्र बाईंनी केलं नाही. प्रत्येक गोष्टीला काही सुमार असतो.

धाकटी बहीण दर रविवारी फोन करायची. 'ताई, जेवलीस का?' असं विचारायची आणि उत्तराला न थांबता स्वतःच्या सुनेचं गाऱ्हाणं सुरू करायची. तो फोन ठेवला की पुढच्या रविवारपर्यंत त्या घरात माणसाचा आवाज नसायचा. नळ गळायचा, वरच्या मजल्यावर खुर्ची सरकायची, एवढंच.

माणसाचा आवाज होता तो ऑफिसात, आणि तो रेडिओंचा होता.

रेडिओ म्हणजे बाईंच्या समोरच्या टेबलावर बसणारे गृहस्थ. आवाज असा, की ते पोस्टाचा पत्ता वाचायला लागले तरी पायरीवरचा माणूस थबकेल. म्हणून सगळं ऑफिस त्यांना रेडिओ म्हणायचं. त्या प्रकाशनात एक जुनी पद्धत होती. लेखकाचं हस्तलिखित एकाने मोठ्याने वाचायचं आणि दुसऱ्याने ते ऐकत ऐकत टाइप होऊन आलेलं प्रूफ ओळीओळीने तपासायचं. वाचायचं म्हणजे सगळं वाचायचं, विरामचिन्हांसकट. 'मुलांना जवळ घ्या, स्वल्प, त्यांचं ऐकून घ्या, पूर्ण. तुम्ही शेवटचं कधी हसलात, प्रश्न. नवा परिच्छेद.' असं ते सकाळी साडेनऊपासून संध्याकाळी सहापर्यंत चालायचं. बाकी जगाने ही पद्धत केव्हाच सोडली होती. पण मालकांच्या वडिलांनी ती घालून दिलेली, आणि हे दोघं आहेत तोवर चालू दे, असं मालक म्हणायचे.

तपासणाऱ्याने नजर वर करायची नाही, हा त्या खोलीतला कायदा. नजर उचलली की ओळ सुटते. त्यामुळे बावीस वर्षं समोरासमोर बसूनही बाईंनी रेडिओंचा चेहरा फारसा पाहिला नव्हता. आवाज मात्र त्यांना पाठ होता. रेडिओंना सर्दी होणार हे रेडिओंच्या आधी बाईंना कळायचं.

आता हे सांगूनच टाकलेलं बरं, की बाईंचा या माणसावर जीव होता. ऑफिसात कुणाला त्याचा पत्ता नव्हता, आणि खुद्द रेडिओंना तर नव्हताच नव्हता. पण एक गोष्ट नीट बघणाऱ्याच्या ध्यानात आली असती. बाई त्यांना कशानेच हाक मारत नसत. सुरुवातीला सगळ्यांनी सुचवलं होतं, 'भाऊ म्हणा की.' बाई गप्प राहिल्या. 'मग दादा म्हणा.' तरी गप्प. एकदा भाऊ म्हटलं की तो जन्माचा भाऊ होऊन बसतो, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. आणि 'अहो' म्हणायची सोय नव्हती. चार टेबलांवरच्या आठ भुवया वर गेल्या असत्या. मग राहिलं काय? 'थांबा.' प्रुफात चूक सापडली की बाई म्हणायच्या, 'थांबा', आणि रेडिओ थांबायचे. बावीस वर्षं त्यांनी त्या माणसाला दिवसातून वीस-पंचवीस वेळा थांबा म्हटलं, आणि तो प्रत्येक वेळी थांबला. याच्यावर त्यांचं भागत होतं म्हणा ना.

पण पूर्ण भागत नव्हतं. कारण रेडिओ बोलायचे ते कागदावरचं. कागद संपला की आवाज बंद. त्यांच्या तोंडून बाईंनी प्रेमाबद्दल, सोबतीबद्दल, हातात हात घेण्याबद्दल जेवढं ऐकलं होतं तेवढं एखाद्या नव्या नवरीनेही ऐकलं नसेल; पण ते सगळं दुसऱ्याचं होतं, आणि शेवटी 'पूर्ण' असायचं. बाईंना एकच हवं होतं. या माणसाने एकदा, फक्त एकदा, कागदावर नसलेलं एक वाक्य आपल्याशी बोलावं. फार मोठं नको. 'बाई, आज दमलेल्या दिसता' एवढ्यावरही त्यांचं एक वर्ष निघालं असतं.

मग एका सोमवारी मालक खोलीत आले आणि म्हणाले, 'रेडिओसाहेब, महिनाअखेरीला तुमची सुटका. आता बाई एकट्याच स्क्रीनवर तपासतील. जग कुठे चाललंय, आपण कुठे चाललोय.' रेडिओ निवृत्त होऊन थोरल्या बहिणीकडे राहायला जाणार होते. गाव अडीच तासांवर. बाईंनी पेन्सिलीला टोक काढलं आणि म्हणाल्या, 'पुढे.'

उरलेल्या तीन आठवड्यांत एकच पुस्तक व्हायचं होतं. लेखकाला ऑफिसात आनंदकाका म्हणत. आनंदकाका हाताने लिहायचे, वाचकाला थेट 'तुम्ही' म्हणून हाक मारायचे आणि सल्ला देताना मधेच स्वतःच्या मनातलं सांगायचे. पुस्तकाचं नाव होतं 'संध्याकाळ वाया घालवू नका'. शेवटच्या दिवशी त्याची शेवटची चाळीस पानं उरली.

त्या दिवशी बाई ठेवणीतले कपडे घालून आल्या. रेडिओंनी कुठलातरी नवा शर्ट घातला होता, त्याच्या कॉलरची घडी अजून कडक होती. दोघांनी एकमेकांच्या कपड्यांबद्दल अवाक्षर काढलं नाही. वाचन सुरू झालं. बाई मनात पानं मोजत होत्या. तीस राहिली, बावीस राहिली. आज तरी बोलतील, जेवणाच्या सुट्टीत बोलतील, चहाच्या वेळी बोलतील, असं म्हणता म्हणता चार वाजले आणि रेडिओ फक्त म्हणाले, 'खिडकी लावू का, ऊन येतंय.' हे कागदावर नव्हतं, हे खरं. पण हे काही वाक्य नव्हे.

बाई चिडल्या. स्वतःवर, त्यांच्यावर, आनंदकाकांवर, एकूणच. आणि चिडल्यावर त्या करायच्या तेच त्यांनी केलं. मान खाली घातली आणि डोळ्यांत तेल घालून प्रूफ बघायला लागल्या.

'कामावरून सुटलात की सरळ घरी पळू नका, पूर्ण,' रेडिओ वाचत होते. 'एक स्टॉप आधी उतरा, पूर्ण. रस्त्याकडे बघा, स्वल्प, झाडांकडे बघा, पूर्ण.'

इथे ते जरा थबकले, घोटभर पाणी प्यायले आणि पुन्हा सुरू झाले. आवाज किंचित बसल्यासारखा वाटला. बाईंना वाटलं, सकाळपासून वाचताहेत, बसणारच.

'रोज संध्याकाळी या वाटेने तुमच्यासोबत चालावं असं मला फार वर्षं वाटत आलं आहे, पूर्ण. तुम्ही याल का, प्रश्न.'

'थांबा,' बाई म्हणाल्या. 'हे इथे नाही.'

रेडिओ थांबले. 'नाही?'

'नाही. झाडांकडे बघा, आणि लगेच चालताना घाई करू नका, असं आहे. टाइप करणाऱ्याने मधली दोन वाक्यं खाल्ली. कमाल आहे या लोकांची. पुन्हा सांगा.'

बाईंनी पेन्सिलीने टेबलावर टकटक केलं. मग रेडिओंनी ती दोन वाक्यं पुन्हा सांगितली, शाळेत शुद्धलेखन घालतात तशी, एकेक शब्द सुटा करून. बाईंनी ओळीत जागा सुटल्याची खूण केली आणि समासात सुवाच्य अक्षरात लिहून घेतलं. लिहिता लिहिता त्यांनी विचारलं, 'शेवटी पूर्ण की प्रश्न?'

'प्रश्न,' रेडिओ म्हणाले. 'प्रश्नच आहे तो.'

'हं. पुढे.'

आणि रेडिओ पुढे वाचायला लागले. 'चालताना घाई करू नका, पूर्ण.'

सहा वाजता मालकांनी दोन शब्द बोलून भिंतीवरचं घड्याळ भेट दिलं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. रेडिओ घड्याळाचं खोकं काखेत धरून दारात आले आणि म्हणाले, 'येतो, बाई.' बाई म्हणाल्या, 'या.' आपल्या भाषेत जाणारा माणूसच 'येतो' म्हणतो आणि आपणही 'या' म्हणून मोकळे होतो. दोघांपैकी कुणीच ते खरं धरत नाही. त्या रात्री बाई जेवल्या नाहीत. बावीस वर्षांत एक वाक्य मागितलं होतं, तेही नशिबात नव्हतं, असं त्या स्वतःशी मोठ्याने म्हणाल्या. घरात ऐकायला कुणी नव्हतं म्हणून म्हणता आलं.

पुढचे सात महिने कसे गेले ते सांगण्यासारखं नाही. समोरचं टेबल उचलून नेलं आणि तिथे झेरॉक्सचं यंत्र आलं. बाई स्क्रीनवर एकट्या तपासायच्या. एकदा न राहवून त्या स्वतःच मोठ्याने वाचायला लागल्या, 'मित्रांना वेळ द्या, पूर्ण', तेव्हा हिशेबनीसाने दारातून डोकावून विचारलं, 'बाई, कुणी आलंय का?' त्यानंतर त्यांनी कानाला खडा लावला. त्या मनातल्या मनात वाचायला लागल्या, आणि त्यांच्या हातून चुका सुटायला लागल्या. छोट्या छोट्याच. पण पूर्वी सुटत नसत.

एके सकाळी आनंदकाका स्वतः ऑफिसात येऊन थडकले. हातात त्यांचंच पुस्तक, चेहरा असा की या माणसाने आनंदावर नऊ पुस्तकं लिहिली आहेत यावर कुणी विश्वास ठेवला नसता. छपाईच्या वेळी ते दोन महिने व्याख्यानांच्या दौऱ्यावर होते. शेवटचं प्रूफ मालकांनी त्यांना न दाखवताच पुढे ढकललं होतं.

'पान चौऱ्याण्णव, ओळ अकरा,' आनंदकाका म्हणाले. 'रोज संध्याकाळी या वाटेने तुमच्यासोबत चालावं असं मला फार वर्षं वाटत आलं आहे. तुम्ही याल का? हे कुणी लिहिलं?'

'तुम्हीच,' मालक म्हणाले.

'मी? मी असलं कशाला लिहीन? अहो, अकरा बायकांची आणि एका निवृत्त फौजदाराची पत्रं आली आहेत, आम्ही येतो म्हणून! ते राहू दे. घरात काय चाललंय माहीत आहे? बायको विचारते, ही फार वर्षांची कोण? आठ दिवस झाले, माझ्याशी धड बोलत नाही. आणि मी गावोगाव सांगत फिरतो, घरात संवाद ठेवा!'

मालकांनी बाईंना बोलावलं. बाई मुळीच घाबरल्या नाहीत. लेखक लोक स्वतः काय लिहितात ते विसरतात, हा त्यांचा जुना अनुभव होता. 'मूळ कॉपीत आहे,' त्या म्हणाल्या. 'मला चांगलं आठवतं. टाइप करताना सुटलं होतं, मी समासात घातलं. दाखवते.' आणि जिन्याखालच्या कपाटातून त्यांनी हस्तलिखिताचं बाड शोधून आणलं, मालकांच्या टेबलावर ठेवलं आणि पान काढून तोऱ्यात बोट ठेवलं.

'झाडांकडे बघा.' पूर्णविराम. 'चालताना घाई करू नका.'

बाईंनी बोट तसंच ठेवून पुन्हा वाचलं. पान उलटलं, मागे बघितलं, समास बघितला, आधीचं पान बघितलं. दोन वाक्यांच्या मधे काहीसुद्धा नव्हतं. खोडलेलं नव्हतं, वर लिहिलेलं नव्हतं. आनंदकाकांचं अक्षर मोत्यासारखं सलग पुढे गेलेलं होतं.

मग त्यांना पाणी प्यायलेलं आठवलं. बसलेला आवाज आठवला. नवा शर्ट आठवला.

आता या बाईंना काय म्हणावं? जन्मभर ज्याची वाट पाहिली ते समोर आलं, ऐकू आलं, दोनदा ऐकू आलं, आणि यांनी त्याला म्हटलं, हे इथे नाही! वर विचारलं, पूर्ण की प्रश्न! मालकांच्या टेबलाची कड धरून बाई उभ्या राहिल्या. त्यांना हसू येत होतं आणि रडू येत होतं, आणि दोन्ही आलं असतं तर नोकरी गेली असती, म्हणून त्यांनी तोंडात मिठाची गुळणी धरली.

'बाई,' मालक म्हणाले, 'चूक कुणाची?'

'माझी,' बाई म्हणाल्या. 'ऐकण्यात झाली.'

आनंदकाका जरा निवळले. 'वाक्य वाईट नाही हो,' ते म्हणाले. 'मला सुचलं असतं तर मीही लिहिलं असतं. पण माझं नाही ना.' मालकांनी हुकूम सोडला: उरलेल्या प्रतींना चिकटवायला शुद्धिपत्राची चिठ्ठी सोमवारपर्यंत तयार हवी. पान चौऱ्याण्णव, ओळ अकरा, दोन वाक्यं वगळून वाचावीत.

रविवारी सकाळी बाई बसमध्ये होत्या. बहिणीच्या फोनला घरी कुणी नसण्याची ही पहिलीच वेळ. रेडिओंचा पत्ता त्यांनी ऑफिसच्या नोंदवहीतून उतरवून घेतला होता. बसमध्ये त्या एकच वाक्य घोळवत होत्या, कारण काय बोलायचं ते ठरलेलं होतं, प्रश्न फक्त शब्दाचा होता. 'येईन' म्हणावं की 'येते'? 'येईन'मध्ये अजून थोडी वाट बघा असं वाटत होतं. 'येते' म्हटलं तर निघाल्यासारखं व्हायचं. 'चला' कसं वाटेल? 'चला' चांगलं आहे. छोटं आहे, त्यात वेलांटीसुद्धा नाही. खिडकीकडे तोंड करून त्या हळूच म्हणून बघत होत्या, 'चला. चला.' शेजारच्या बाईने पिशवी उचलून घेतली, तिला वाटलं उतरायचं आहे.

मधे बस बिघडली आणि दोन तास रस्त्याकडेला उभी राहिली. घर सापडेपर्यंत चार वाजले. पहिल्या मजल्यावरचं दार थोरल्या बहिणीने उघडलं. ठेंगणी, गोल, तोंडाचा पट्टा सुरू.

'तुम्ही कोण? ऑफिसातल्या? म्हणजे त्या बाई? वेलांटीवाल्या? अगं बाई, या या! इथे दिवसातून दहादा तुमचं नाव. भाजीवाल्याची पाटी चुकली, बाई असत्या तर! पेपरात चूक, बाईंनी बघितलं असतं तर! मी म्हणते, एकदा दाखव तरी तुझ्या बाई. अरे, ऐकलंस का? बघ कोण आलंय!'

बाईंचा जीव सुपाएवढा झाला. दिवसातून दहादा!

रेडिओ आतून आले. बाईंनी या वेळी नजर वर करून नीट पाहिलं. सात महिन्यांत ते तरुण झाले होते. केस व्यवस्थित कापलेले, अंगात निळा शर्ट, आणि चेहऱ्यावर सरळ सरळ आनंद. असा चेहरा बाईंनी पुस्तकांच्या वेष्टणांवर पाहिला होता, प्रत्यक्षात नव्हता पाहिला. आणि ते बोलत होते! प्रवास कसा झाला, मालक कसे आहेत, माझ्या टेबलाचं काय केलं, यंत्र ठेवलं? अरे वा! हातात कागद नसताना हा माणूस इतकं बोलू शकतो हे बाईंना ठाऊकच नव्हतं. बहीण चहा टाकायला आत गेली.

'पान चौऱ्याण्णव,' बाई म्हणाल्या. सुरुवात तिथूनच करायची असं त्यांनी ठरवलं होतं.

रेडिओ कानापर्यंत लाल झाले. आतल्या दाराकडे बघून त्यांनी आवाज उतरवला. 'म्हणजे ते छापलं गेलं? मला वाटलं, मी गेल्यावर तुम्ही खोडाल. पुस्तक मी उघडूनच बघितलं नाही, लाज वाटली. बाई, तुम्हाला त्रास झाला का माझ्यामुळे?'

'नाही. फक्त शुद्धिपत्र करायचं आहे. आणि मला...'

'काढून टाका, काढून टाका,' रेडिओ हसत म्हणाले. 'पण तुम्ही आलाच आहात तर एक सांगतो. हे पत्रात लिहिता येईना. त्या दिवशी माझी पाचावर धारण बसली होती. बावीस वर्षं एका बाईंसमोर बसून मी लोकांची वाक्यं वाचली, स्वतःचं एक बोललो नाही. म्हटलं, आज बोललो नाही तर कधीच नाही. तुम्ही नाही म्हणालात, पण काय सुरेख म्हणालात! हे इथे नाही. एवढंच. मला ओशाळं वाटू नये म्हणून लिहूनसुद्धा घेतलंत, प्रश्नचिन्ह विचारलंत. घरी गेलो तेव्हा मला वाईट वाटायला हवं होतं. पण धीरच आला. म्हटलं, विचारलं तर आभाळ कोसळत नाही. माणसं सांभाळून घेतात.'

'चला' हा शब्द बाईंच्या जिभेवर होता आणि तो तसाच राहिला.

'म्हणून तर इथे विचारता आलं,' रेडिओ म्हणाले. 'शेजारी एक शिक्षिका राहतात. शाळेतून निवृत्त झाल्या, एकट्याच आहेत. मी आल्यावर महिन्याभरात त्यांना विचारलं, संध्याकाळी फिरायला येणार का? हो म्हणाल्या. आता रोज जातो. पुढच्या महिन्यात नोंदणी करायची म्हणतोय, म्हणजे लग्नाची. या वयात लोक हसतील, हसू देत. बाई, तुमच्यामुळे झालं हे. मी ताईलाही सांगतो, आमच्या बाईंनी मला बोलायला शिकवलं.'

बहीण चहा घेऊन आली. बाईंनी तो घेतला, चांगला झालाय म्हणाल्या. परतीची बस किती वाजता, हे विचारलं. साडेपाचला होती. खालून कुणीतरी हाक मारली, एका बाईची, वर्गावर शिकवण्याची सवय असलेली, लांबपर्यंत जाणारी हाक, आणि रेडिओ लगबगीने उठले. 'चला, स्टँडपर्यंत आम्हीच सोडतो तुम्हाला. वाटेवरच आहे.'

दारात ते चपला घालायला वाकले. बहीण कपबशा आवरत होती. खाली पायरीपाशी त्या शिक्षिका उभ्या होत्या, कपाळावर हात धरून वर बघत, उन्हात डोळे बारीक करून हसत. रेडिओंनी एका चपलेत पाय घातला आणि वर न बघताच विचारलं, 'बाई, एक विचारू? त्या दिवशी तुम्हाला कळलं होतं ना? मी तुम्हाला विचारतोय, हे? अधूनमधून मनात येतं, कळलंच नसेल तर? तुम्ही खरोखरच वाक्य सुटलं असं समजला असाल तर? मग मी तुम्हाला उत्तरच देऊ दिलं नाही, असं होईल.'

बाईंनी जन्मात एकही चुकीची वेलांटी जाणूनबुजून सोडली नव्हती. मालकांची नाही, लेखकाची नाही. त्यांनी जिन्याच्या कठड्याला हात लावला.

'कळलं होतं,' त्या म्हणाल्या. 'तेव्हाच कळलं होतं.'

'बरं झालं,' रेडिओ म्हणाले. त्यांनी दुसरी चप्पल घातली आणि पायऱ्या उतरायला लागले. बाई त्यांच्या मागून उतरल्या.